टीव्हीच्या खोलीतलं अक्काचं ताट

अक्कानं फळीवरचा डबा काढायला हात वर केला आणि तिच्या मनगटातल्या हिरव्या बांगड्या सरकत थेट कोपराशी जाऊन थांबल्या. मी दारातच उभी होते. खांद्यावरची पिशवी अजून उतरवलीही नव्हती. तिनं हात खाली केला तेव्हा त्या खळकन परत आल्या. पंजापाशी अडल्या म्हणून राहिल्या, नाहीतर जमिनीवरच पडल्या असत्या.

त्याच बांगड्या होत्या. बाळंतपणानंतर तिला सासरी पाठवताना आईनं कासारणीला घरी बोलावलं होतं आणि कासारणीनं हाताला साबण लावून, दाबून दाबून त्या भरल्या होत्या. "दुखायलंय का गं?" म्हणून मी विचारत होते आणि अक्का खालचा ओठ दाबून हसत होती. त्या गोष्टीला उन्हाळा आणि पावसाळा एवढाच काळ लोटला होता.

"आलीस व्हय? पाणी घे की," ती म्हणाली. "अशी कामून बघायलीस?"

तिच्या कडेवर बाळ होतं आणि आता मी बाळाकडं बघत होते. आमच्या घरून गेलं तेव्हा त्याच्या मांड्यांना वळ्या पडत होत्या. आता त्याचे पाय तिच्या कमरेशी काड्यांसारखे लोंबत होते. ते रडत होतं, पण त्या रडण्यालाही जोर नव्हता.

अक्का माझी थोरली बहीण. मैसूर राज्याचं नाव बदलून कर्नाटक झालं तेव्हा मी खटकचिंचोळीच्या शाळेत पाटी घेऊन जात होते आणि अक्का आईबरोबर दुसऱ्याच्या रानात खुरपायला जात होती. ती चौथीत असतानाच शाळेतून निघाली. आई-वडील दोघं रोजानं जाणारे. घरी पाणी होतं, सरपण होतं आणि मी होते. दोघींपैकी एकीलाच शिकता येणार होतं. ते कुणी बसून ठरवलं नाही. एके दिवशी तिचं दप्तर माझ्या खांद्यावर आलं, एवढंच. पुढं भालकीचं हायस्कूल, मग गुलबर्ग्याचं कॉलेज. आमच्या दोन्हीकडच्या घराण्यात पदवीचा कागद हातात घेणारी मी पहिली. तो कागद मी आधी अक्काच्या हातात दिला होता. तिनं तो उलटा धरला आणि डोळे पुसले. त्यानंतर मी गुलबर्ग्यालाच वसतिगृहात राहून बी.एड. करत होते आणि दिवाळीच्या सुट्टीत, घरी जाण्याआधी, तिच्याकडं आले होते.

तिचं सासर बिदरच्या बाहेर, कोळारच्या कारखान्यांजवळच्या एका खेड्यात. दाजी, म्हणजे तिचा नवरा, एका कारखान्यात कामाला. अक्का दिवसा गोदामात तूर निवडायला जायची. वस्ती आमच्याच लोकांची, गावाच्या खालच्या अंगाला. घर दोन खोल्यांचं. बाहेर एक, आत एक. आतल्या खोलीत चूल, भांडी, आणि भिंतीतल्या कोनाड्यात बुद्धाचा फोटो.

तो फोटो आता कोनाड्यात नव्हता. तिथं टीव्ही होता.

दोन्ही बाजूंनी सरकणाऱ्या फळ्यांची लाकडी पेटी, त्यावर अक्काच्या सासूनं विणलेला रुमाल, रुमालावर प्लॅस्टिकची फुलं. कारखान्यातला कुणी साहेब बदली होऊन जाताना विकून गेला, तो दाजींनी घेतला होता. विजेचं बटण घरात एकच, तेही आतल्या खोलीत, म्हणून टीव्ही चुलीपासून दोन हातांवर. फोटो बाहेरच्या खोलीत दारावर उंच टांगलेला होता.

"वायर आडवी यायलती," अक्का म्हणाली. मी विचारलं नव्हतं तरी.

तिची थोरली मुलगी पाच वर्षांची. मला बघून ती पळत आली आणि म्हणाली, "आंटी, आप मेरे लिए क्या लाई?"

मी तिच्याकडं बघतच राहिले. आमच्याकडं सगळ्यांनाच थोडंफार हिंदी येतं, पण ते आमचं दखनी. "काय कू", "नक्को" म्हणणारं. ही पोर एकदम दिल्लीचं बोलत होती, मान वाकडी करून, हातानं केस मागं सारत.

"मावशी म्हण की गं," मी म्हणाले.

"ती आता दिल्लीची झालीया," अक्का हसली. "मला मम्मी म्हणतीया. परवा म्हणली, मम्मी, आपन टेबलवर कामून जेवत न्हाई?"

हसताना तिच्या गळ्याच्या शिरा वर आल्या. आई म्हणाली असती, हिला कुणाची तरी नजर लागली. अक्काची सासूही तेच म्हणत होती. बाळाच्या कपाळावर काळं, पायावर काळं, गळ्यात काळा दोरा, असं सगळं करून झालं होतं. मी शिकलेली. मी म्हणाले, उद्या दवाखान्यात जाऊ.

बिदरला डॉक्टरीणबाईंनी बाळाला तराजूत ठेवलं, पोट दाबून बघितलं, कानात बघितलं. मग बाळाला बाजूला ठेवून त्यांनी अक्काचा डोळा खाली ओढला. जीभ काढायला लावली. मी मधेच म्हणाले, "बाई, आजारी बाळ आहे."

"बच्चे कू कुच नै हुआ," त्या म्हणाल्या. "दूद नै मिलरा उस कू. अम्मा भूकी है. अम्मा कू खिलाओ."

मला आधी रागच आला. अक्काच्या घरी तुरीचं पोतं होतं, ज्वारी होती, दाजींचा पगार होता. दुष्काळात आमच्या आईनं पाल्याची भाजी खाऊन दिवस काढले होते. ती भुकी म्हटली असती तर समजलं असतं. पण अक्का? भाकरीच्या दुरड्या भरून ठेवणारी?

"रात कू क्या खाते?" बाईंनी अक्कालाच विचारलं.

"खाते की, भाकर," अक्का म्हणाली आणि पदराचं टोक बोटाला गुंडाळू लागली.

परत येताना बसमध्ये मी तिला खोदून विचारलं. ती खिडकीबाहेर बघत बसली. "तुला सांगू का," ती शेवटी म्हणाली, "तू आजची रात ऱ्हा. मंग इचार."

मी राहिले, आणि त्या एका संध्याकाळी मी जे बघितलं त्यानं माझी मतीच गुंग झाली.

दिवस कलायच्या आधीच अक्कानं चूल पेटवली. एवढ्या लवकर कामून, म्हणून मी विचारलं तर म्हणाली, "धूर जायला पायजे. वास ऱ्हाता कामा न्हाई." वरण, भाकरी आणि मेथीची भाजी झाली. दाजी कामावरून आले, हातपाय धुतले आणि लगेच ताटावर बसले. त्यांच्याबरोबर त्यांची आई आणि पोरगी. तिघं भराभर जेवत होते, बस पकडायची असावी तसे. बोलणं एकाचंच, ते दाजींचं: "आज गाणी हायत. लोक लौकर येतील."

पूर्वी मी या घरी आले होते तेव्हा अक्का आणि तिची सासू एका ताटात जेवत. दाजींचं झालं की दोघी चुलीपुढं बसत. सासू बोलायला तिखट, पण जेवताना भाजीतला चांगला भाग बोटानं अक्काच्या बाजूला सारायची. "खा, पोटुशी हायस," नाहीतर "खा, अंगावर पाजतीस." बाळंतिणीनं, अंगावर पाजणारीनं पोटभर खाल्लं की नाही हे बघायचं काम सासूचं, असं आमच्याकडं होतं. आणि बाई परक्या पुरुषासमोर जेवत नाही, हेही होतं. घास तोंडात घालताना परक्यानं बघणं म्हणजे आमच्या बायांना अंगावरचा पदर ढळल्यासारखं वाटायचं. रानातसुद्धा बाया पुरुषांकडं पाठ करून, बांधाच्या आड बसून जेवतात.

सासूचं ताट त्या दिवशी अक्काच्या आधी धुऊन झालं होतं. तिला टीव्हीपुढची जागा धरायची होती.

अक्का पोरीचं तोंड पुसून स्वतःचं ताट घेते आहे तोवर बाहेर चपला वाजल्या. तिनं ताट तसंच परत पालथं घातलं. भाकरीवर फडकं टाकलं, भाजीवर झाकण ठेवलं, बाळाला उचललं आणि उठली.

लोक आत आले. आधी पोरं, मग बाप्ये, मग बाया. मी बघत राहिले, कोण येतं आहे ते. ही वस्तीतली माणसं नव्हती. ही वरच्या आळीतली शेतकरी मंडळी होती, ज्यांच्या ओट्याखाली दाजींचे वडील जन्मभर हात जोडून उभे राहिले होते. वरच्या आळीत अजून कुणी टीव्ही घेतला नव्हता. ती माणसं आमच्या अक्काच्या आतल्या खोलीत, चुलीच्या खोलीत, सतरंजीवर मांडी घालून बसली. आमच्या वस्तीतले शेजारी मागाहून आले. त्यांना कुणी काही सांगितलं नाही. ते आपणहून मागं भिंतीला टेकले, काही बाहेरच्या खोलीत उभे राहून दारातून बघू लागले. आमच्या घरात आमचीच माणसं मागं! मला वाटलं, मी काहीतरी चुकीचं बघते आहे.

दाजी टीव्हीच्या बाजूला, बटणापाशी बसले होते. त्यांच्या पुढ्यात स्टीलचा घासलेला तांब्या आणि चार पेले.

गाणी सुरू झाली. पंचवीस-तीस माणसं एका उजेडाकडं तोंड करून बसली. कुणी कुणाशी बोलत नव्हतं. अक्का बाहेरच्या खोलीच्या चौकटीला टेकून उभी होती. बाळ स्तनाला लागत होतं, सोडत होतं, रडत होतं.

"त्याला भाईर ने की गं," सासू मान न वळवता म्हणाली. "आयकू येइना."

अक्का अंगणात गेली. मी मागं गेले. ती बाळाला खांद्यावर घेऊन येरझाऱ्या घालू लागली. आतून गाण्याचा आवाज येत होता.

"अक्का, तू जेवली न्हाईस."

"जेवते, लोक गेल्यावर."

"कवा जातेत?"

"इंग्रजीतल्या बातम्या झाल्यावर."

"त्या कळतेत त्यास्नी?"

"न्हाई," अक्का म्हणाली. "पर बघतेत."

"मग भाईरच्या खोलीत बसून जेव."

"तितंबी मानसं हायत की."

"हितं अंगणात?"

"रस्त्याच्या कडंला बसून? भिकाऱ्यावानी?" ती म्हणाली. मग जरा थांबून, "रोजचंच हाय. लोक जातेत तवर डोळा लागतो. सकाळी नळाचं पाणी, गोदाम. रातची भाकर यांच्या डब्याला हुतीया. वाया न्हाई जात."

म्हणजे तिची भाकरी उरलेली कुणाच्या नजरेलाच येत नव्हती. रोज रात्री तिचं ताट पालथं राहायचं आणि रोज सकाळी तिचं जेवण दाजींच्या डब्यात बसून कारखान्यात जायचं. आमच्याकडं सकाळी चहा आणि तुकडा, दुपारी कामावर जे मिळेल ते. पोटभर जेवण म्हणजे रात्रीचं. तेच गेलं होतं.

"आणि आईतवारचं वशाट?" मी विचारलं. रविवारी आमच्या घरांत मटण नाहीतर कोंबडी, निदान सुकट तरी असायची. बाळंतिणीला तर रस्सा हवाच.

अक्का नुसती हसली. "आईतवारी सकाळी देवाची मालिका असतीया. लोक आंगुळ करून येतेत, उदबत्ती लावतेत टीव्हीफुडं. आन सांच्याला शिनेमा. कवा शिजवू?"

ज्या कोनाड्यात आमच्या बुद्धाचा फोटो होता त्या कोनाड्यापुढं वरच्या आळीची माणसं येऊन उदबत्ती लावत होती, आणि त्यांच्या नाकाला वास जाऊ नये म्हणून माझी अंगावर पाजणारी बहीण उपाशी राहत होती!

लोक उठले तेव्हा मी मुद्दाम तांब्याकडं बघितलं. काठोकाठ भरलेला होता. पेले कोरडे.

दुसऱ्या दिवशी दाजींना सुट्टी होती. ते पत्र्यावर चढून बांबूला बांधलेला अँटेना फिरवत होते. सासू आत टीव्हीपुढं बसून ओरडून सांगत होती, आणि मी अंगणात उभी होते.

"आलं का?" दाजी वरून.

"न्हाई! मुंग्याच हायत!" सासू आतून.

"दाजी," मी म्हणाले, "अक्का रात्री जेवत न्हाई."

"अं? मुंग्या गेल्या का?"

"दाजी, अक्काला दूध न्हाई. ती उपाशी झोपायलीया. बाळ वाळायलंय."

"आलं! आलं! तितंच ठिव!" आतून सासू. दाजींनी बांबू घट्ट धरला आणि तार आवळली. माझं बोलणं त्यांच्या कानापर्यंत गेलं होतं हे मला त्यांच्या पाठीवरून कळलं. ते उशिरानं खाली उतरले.

"उपाशी कामून?" ते म्हणाले. "कोन नको म्हनलंय तिला? घरात काय कमी हाय?"

"जेवायला जागा कमी हाय."

त्यांनी हातावरचा गंज झटकला. मग सावकाश बोलले. दाजी वाईट माणूस नव्हते, हे मला इथं सांगितलंच पाहिजे. माझ्या कॉलेजच्या वर्षांत अक्कानं मला घरखर्चातून जे पाठवलं त्याला त्यांनी कधी हरकत घेतली नव्हती.

"तुला दिसायलंय का, कोन बसायलंय माज्या घरात?" ते म्हणाले. "तू शिकलीस, शहरात ऱ्हातीस, तुला काय वाटनार न्हाई. माजा बाप मेला तवा त्यातला एकबी या आळीत आला न्हवता. आज माज्या सतरंजीवर मांडी घालून बसायलेत. मला अन्ना म्हनायलेत. 'अन्ना, आवाज वाडवा की.' मी बटन फिरवंस्तवर वाट बघायलेत. आन आता मी म्हनू, उठा, माजी बायकू जेवनार हाय?"

"म्हणा."

"आन वशाटाचा वास आला तर? उठून गेले तर परत येतील का?"

"पाणी पितेत का तुमच्या हातचं?"

मी हे बोलायला नको होतं असं वाटण्याइतका त्यांचा चेहरा पडला. "पितील," ते म्हणाले. "आज न्हाई तर उद्या पितील. म्हनून तर ठिवतो."

एका बाजूला त्यांचं ते म्हणणं होतं आणि दुसऱ्या बाजूला बाळाचे पाय. त्याच दुपारी मी बस धरून खटकचिंचोळीला गेले आणि आईला सगळं सांगितलं. आई ज्वारी पाखडत होती. तिनं सूप खाली ठेवलं. तिलाही आधी पटेचना. "ते बघायसाठी सख्खी आज्जी पोराला भाईर ने म्हनतीया? रडतं पोर?" तिनं मला दोनदा विचारलं. टीव्ही तिनं तोवर बघितला नव्हता. तिनं उठून खुराड्यात हात घातला, एक तलंग काढली, तिचे पाय बांधले आणि पिशवीत घातली. रविवारी आम्ही दोघी आणि ती कोंबडी बिदरच्या बसमध्ये होतो.

आई त्या घरात गेली ती कुणाशी भांडली नाही. जावयाची खुशाली विचारली. विहिणीच्या पाया पडली. बाळाला मांडीवर घेतलं, त्याच्या मांडीची कातडी दोन बोटांत धरून बघितली आणि सोडली. मग परसात जाऊन कोंबडी साफ केली.

"सांच्याला शिनेमा हाय, विहिनबाई," सासू म्हणाली. "आत्ताच शिजवून घ्या."

"बाळंतिनीला ऊन ऊन पायजे," आई म्हणाली. "जेवायच्या टायमालाच शिजवते."

दाजींनी ते ऐकलं. ते माझ्याकडं बघत होते, मी जमिनीकडं.

सिनेमा सुरू झाला, खोली भरली. रविवारची गर्दी जास्त. पोरं खिडकीच्या गजांना धरून उभी. टीव्हीपासून दोन हातांवर आईनं चूल पेटवली. मसाला वाटलेला तयार होता. तेलात कांदा पडला, खोबरं पडलं, काळं तिखट पडलं, आणि मग कोंबडी. त्या कोंदट खोलीत वास असा भरला की माझ्याच तोंडाला पाणी सुटलं. अक्का बाळाला घेऊन चौकटीत उभी होती. दाजींनी बटणावरचा हात काढून मांडीवर ठेवला. ते टीव्हीकडं बघत नव्हते. ते माणसांकडं बघत होते, एकेकाच्या पाठीकडं. आता कोण उठतं, आधी कोण उठतं.

आईनं ताट वाढलं. बाजरीची भाकरी चुरली, वर रस्सा ओतला.

"ये, बस," ती अक्काला म्हणाली.

"हितं?"

"हितंच. तुजी चूल हाय ही."

"आई, मानसं..."

"लेकरू मरायलंय गं माजे बाई," आई म्हणाली. हळू नाही, नेहमीच्याच आवाजात. "बस."

अक्का बसली. पंचवीस-तीस माणसांच्या मधे, चुलीपुढं, डोक्यावरून पदर घेऊन. बाळ मांडीवर. तिनं पहिला घास उचलला आणि डोळे मिटून तोंडात घातला. आता काहीतरी होईल. कुणी नाकाला उपरणं लावेल, कुणी थुंकेल, कुणी पोरांना हाताला धरून ओढत नेईल.

काही झालं नाही.

एकही मान वळली नाही. एकही. पडद्यावर कुणीतरी कुणाला तरी सोडून चाललं होतं आणि समोरच्या बायांच्या डोळ्यांत पाणी होतं. अक्काची सासू पदरानं नाक पुसत होती. वरच्या आळीतला एक म्हातारा अक्काच्या ताटापासून हातभर अंतरावर बसला होता. त्याच्या अंगावर रश्श्याची वाफ जात होती, तरी त्याला त्याचा पत्ता नव्हता. आई पुन्हा वाढायला उठली तेव्हा तिची सावली पडद्यावर आली. म्हातारा टीव्हीवरची नजर न काढता हात हलवून म्हणाला,

"जरा सरका की बाई, दिसंना."

आई सरकली.

मी आयुष्यात पुष्कळ अपमान बघितले होते आणि पुढंही बघितले. पण ते "सरका, दिसंना" ऐकून मला जे वाटलं त्याला मी आजही नाव देऊ शकत नाही. पिढ्यान् पिढ्या ज्या वासाला घाबरून आम्ही आमच्या चुली मागच्या अंगाला मांडल्या, तो वास त्यांच्या नाकात होता आणि त्यांना कळत नव्हतं. माझी बहीण इतके महिने त्यांच्यासमोर उपाशी होती, ते त्यांना दिसलं नव्हतं. ती जेवते आहे, हेही दिसत नव्हतं. ती पहिल्याच दिवशी जेवली असती तरी चाललं असतं.

दाजींनाही ते कळलं. ते तसेच बसून राहिले. कुणी उठून गेलं नाही म्हणून त्यांना बरं वाटायला हवं होतं. पण त्यांचा चेहरा कुणीतरी थोबाडीत मारल्यासारखा झाला होता. अन्ना, अन्ना म्हणणाऱ्या त्या माणसांनी त्यांना तरी कधी बघितलं होतं का?

अक्का जेवत होती. दुसरी भाकरी संपली. तिला ठसका लागला. एकदा, दोनदा, मग थांबेना. सासू मान न वळवता म्हणाली, "हळू."

दाजी उठले. पडद्याच्या पुढून, सगळ्यांच्या आडवे गेले. "अन्ना! अन्ना, सरका की!" दोघं-तिघं ओरडले. त्यांनी ऐकलं नाही. तो स्टीलचा घासलेला तांब्या उचलून त्यांनी पेला भरला आणि अक्काच्या हातात दिला. आमच्या घरांत बायको नवऱ्याला पाणी देते. नवऱ्यानं बायकोला दिलेलं मी तोवर बघितलं नव्हतं. अक्का पेला धरून त्यांच्याकडं बघत राहिली. मग घटाघट प्यायली. त्यांनी दुसरा भरला.

त्या दिवसापासून अक्का चुलीपुढं बसून जेवू लागली, टीव्ही चालू असताना, माणसं असताना. आई तिथं महिनाभर राहिली. बाळाच्या मांडीला पुन्हा वळी आली. वर्षभरात वरच्या आळीत टीव्ही आले, आधी एक, मग घरोघरी, आणि दाजींच्या सतरंजीवर येणारी माणसं एक-एक करत येईनाशी झाली. कुणी भांडून नाही गेलं. त्यांना यायचं कारण उरलं नाही. दाजी बरेच दिवस संध्याकाळी दार उघडं ठेवत.

मी शिक्षिका झाले. पहिल्या पगाराची साडी घेऊन अक्काकडं गेले ती संध्याकाळची वेळ होती. दार उघडंच होतं. बाहेरच्या खोलीत कुणी नव्हतं. आत अक्का, दाजी, सासू आणि दोन्ही मुलं, सगळी एका रांगेत टीव्हीकडं तोंड करून जेवत होती. अक्काच्या बांगड्या मनगटावर घट्ट बसल्या होत्या. ते मी आधी बघितलं. मी चौकटीत उभी राहिले. कुणाला कळलं नाही. ज्या बाळाचे पाय काड्यांसारखे होते ते आता ताटात हात घालून, तोंड उघडं ठेवून पडद्याकडं बघत होतं, आणि अक्का न बघताच त्याच्या तोंडात घास घालत होती. एक घास गालाला लागला, खाली पडला. तिनं दुसरा घातला.

"अक्का," मी म्हणाले.

"आलीस व्हय? बस, बस," ती म्हणाली. "जेवलीस का?"

मान तिनं वळवली नव्हती. मी पिशवी खाली ठेवली आणि तिच्या शेजारी, भिंतीला टेकून बसले. कार्यक्रम संपायची वाट बघत.